घरचं मीठ

आमच्या स्वयंपाकघरात ओट्याखाली चिनी मातीची एक बरणी आहे. रोजच्या जेवणाला आई पाकिटातलं बारीक मीठ वापरते. बरणीतलं मीठ जाड, किंचित करडं. ते लोणच्याला, माशांना लावायला आणि कुणाची दृष्ट काढायची झाली तर. दर वर्षी मे महिन्यात राई गावाहून मोठे काका स्कूटरवर पुढे पोतं ठेवून येत, बरणी भरून देत, उरलेलं मीठ आई शेजारी वाटे. शेजारच्या गुजराती काकूंनी एकदा विचारलं होतं, "किधर से मँगाते हो?" आई म्हणाली, "घर का है." मिठाला घरचं म्हणतात याचं मला तेव्हा हसू आलं होतं.

मोठे काका म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ. आमच्या घराण्याची राईला खाडीलगत मिठागरं होती. वडील शिकले, नोकरीला लागले आणि भाईंदर पश्चिमेला फ्लॅट घेऊन राहिले. काका मिठातच राहिले. दोन्ही घरांत रिक्षाने पंधरा मिनिटांचं अंतर. पण मी इंग्रजी शाळेत गेले, आणि वडील माझ्याशी गावची बोली कधी बोलले नाहीत. काकांचा फोन आला की वडिलांचा आवाज मोठा व्हायचा, शब्द बदलायचे. फोन ठेवला की ते पुन्हा आमच्या घरातले व्हायचे. मला वाटायचं, वडिलांना दोन माणसं होता येतं. मला एकसुद्धा धड होता येत नव्हतं. शाळेत मी गप्प असायचे कारण माझं इंग्रजी पुस्तकी होतं, आणि राईला गप्प असायचे कारण माझं मराठी पुस्तकी होतं.

चित्रपटाकडे मी त्यामुळेच गेले असेन. कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या माणसाला कुणी बोल म्हणत नाही, असा माझा समज होता. तो चुकीचा निघाला. दिग्दर्शकाला दिवसभर बोलावंच लागतं, आणि सगळ्यात जास्त वेळा बोलायचा शब्द म्हणजे "पुन्हा". तो मला जड जातो. एखाद्याने मनापासून काही केलं आणि आपण त्याला म्हणायचं, पुन्हा करा.

पोटापाण्यासाठी मी सबटायटल्स लिहिते. दुसऱ्यांच्या मराठी मालिका आणि चित्रपट ऐकायचे आणि पडद्याच्या तळाशी दोन ओळींत मावेल एवढं इंग्रजी करून द्यायचं. घरी बसून होणारं काम आहे, आणि त्यात माझं नाव कुठे येत नाही, हेही मला सोयीचं होतं. मधल्या काळात दोन लघुपट केले. पहिला मित्रमैत्रिणींनी पाहिला, दुसरा तीन-चार महोत्सवांत गेला. नातेवाइकांनी विचारलं की आई सांगायची, "कम्प्युटरवर काम करते." ते खोटं नव्हतं.

तिसरी फिल्म मिठाची. एका रविवारी काका आमच्याकडे जेवायला आले असताना सहज म्हणाले की, गुडघे आता चिखलात उभे राहू देत नाहीत, मजूर मिळत नाहीत, आजूबाजूची आगरं ओस पडलीत. यंदाचं मीठ शेवटचं. वडिलांनी मान हलवली आणि आमटी वाढून घेतली. मी मात्र रात्रभर तेच घेऊन बसले. दोन आठवड्यांत पटकथा लिहिली, इंग्रजीत, कारण मला सलग लिहिता त्यातच येतं, आणि संवाद मराठीत. गोष्ट अगदी लहान होती. एक म्हातारा शेवटचं मीठ गोळा करतो, ढीग लावतो आणि टोपल्या भरून घरी नेतो. म्हाताऱ्याचं काम काकांनी करायचं, असं मी मनाशी ठरवलं होतं. त्यांना विचारायला मला आणखी दोन आठवडे लागले.

त्यांनी पटकथा वाचून दाखवायला सांगितली. मी वाचली. माझ्या म्हाताऱ्याच्या तोंडी "आता हे सारं संपलं" असं एक वाक्य होतं. काका म्हणाले, असं कोण बोलतं. मी ते खोडलं. मग त्यांनी दुसरं एक वाक्य खोडायला लावलं, मग तिसरं. शेवटी म्हाताऱ्याला बोलायला काही उरलं नाही, आणि पटकथा सुधारली. काकी दारातून ऐकत होती. "म्हंजे सिनेमात पन ह्यो गप्पच," ती म्हणाली. "घरात काय वेगला करतो?"

एप्रिलच्या मध्याला तीन दिवस शूटिंग ठरलं. आम्ही चौघं होतो. मी, माझ्या ओळखीचा एक कॅमेरामन, एक साउंड रेकॉर्डिस्ट आणि सगळं बघणारी एक मैत्रीण. रेकॉर्डिस्टची एक सवय होती. काकांच्या बनियनला आतून लावलेला बारीक माइक तो सकाळी सुरू करायचा आणि संध्याकाळीच बंद करायचा. जे लोक नट नाहीत, ते दोन शॉटच्या मध्येच खरं बोलतात, असं त्याचं म्हणणं.

काकांना मी एकच नियम शिकवला होता. मी कट म्हणेपर्यंत जिथे आहात तिथेच राहायचं, फ्रेम सोडायची नाही. फ्रेम कुठून कुठपर्यंत ते मी बांधावर दोन काठ्या रोवून दाखवलं. त्यांनी तो नियम शेतातल्या किंवा मिठातल्या नियमासारखा घेतला. पहिल्याच दिवशी एक मुंगळा त्यांच्या पायाला कडकडून चावला. ते हलले नाहीत. मी कट म्हटल्यावर वाकून त्यांनी तो काढला. कॅमेरामन मला बाजूला घेऊन म्हणाला, "ऐसा ऐक्टर मिलेगा नहीं."

तिसऱ्या दिवशी काकांनी वाफ्यातलं मीठ लाकडी फावड्याने ओढून बांधाशी ढीग लावला. त्याला तीन तास लागले. ढीग पुरुषभर उंच, टोकदार, आणि इतका पांढरा की त्याच्याकडे सरळ बघता येईना. आता फक्त शेवटचा प्रसंग उरला होता, ढिगातून टोपल्या भरून नेण्याचा. पण सकाळच्या एका शॉटला मी "पुन्हा" म्हणायला फार वेळ घेतला होता. मनात नसताना "ठीक आहे" म्हणाले, तासाभराने परत येऊन तो पुन्हा घेतला, आणि दुपारचं ऊन त्यात निघून गेलं. कॅमेरा दुसऱ्या दिवशी दुसरीकडे जाणार होता. पुन्हा एक दिवस मोकळा होता तो थेट महिनाअखेरीस.

सामान गाडीत चढत असताना मी काकांना तारीख सांगितली. आणि सांगितलं की तोपर्यंत ढीग असाच ठेवायचा. हलवायचा नाही, वरून घ्यायचं नाही, कारण आज घेतलेल्या शॉटमध्ये आणि त्या दिवशीच्या शॉटमध्ये तो एकसारखा दिसायला हवा. आमच्या धंद्यात याला कंटिन्युइटी म्हणतात. प्रेक्षकाला वाटलं पाहिजे की दोन्ही गोष्टी एकाच दुपारी झाल्या.

काका बोटांवर काहीतरी मोजत होते. मग म्हणाले, "बाय, त्या दिशी आवस हाय."

आवस म्हणजे अमावास्या एवढं मला कळत होतं. आमच्या स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर त्या चौकोनात काळा गोल असतो. आई त्या दिवशी नवीन काही सुरू करत नाही. मला वाटलं, काका त्याच अर्थाने सांगतायत. चांगल्या कामाला दिवस बरा नाही, एवढंच. आणि त्यांना न दुखावता हे कसं टाळावं याचा विचार करून मी फार मऊ आवाजात म्हणाले, "काका, आमच्या कामात असं काही मानत नाहीत."

 त्यांनी खाडीकडे बघितलं. "बरा," म्हणाले. मी गाडीत बसले. आपण वाद न घालता प्रसंग निभावला, याचं मला बरं वाटत होतं.

महिनाअखेरीच्या त्या दिवशी आम्ही सकाळी आठला पोहोचलो. ढीग जसाच्या तसा होता. काकांनी त्यावर जुन्या ताडपत्रीचं पांघरूण घातलं होतं, ते काढलं. खाडीकडच्या बांधावर ओल्या चिखलाचे थर दिसत होते, ताजे, बोटांच्या खुणा असलेले. मी कॅमेरामनला सांगितलं की तो बांध फ्रेममध्ये घेऊ नको, मागच्या शॉटमध्ये तो सुका होता. तेवढंच माझ्या लक्षात आलं.

सकाळभर आम्ही टोपल्यांचे जवळचे शॉट घेतले, हातांचे, पायांचे. टोपल्या भरून पुन्हा ढिगावरच ओतायच्या, कारण मोठ्या शॉटमध्ये ढीग पूर्ण हवा होता. बाराच्या सुमारास जेवायला थांबायचं होतं, पण कॅमेरामनला टळटळीत दुपार हवी होती. वरून सावली न पडता पांढऱ्यावर पांढरं. मोठा शॉट लावला. डाव्या अंगाला ढीग, त्याच्याशेजारी काका, मागे सपाट आगर आणि आभाळ. काकांनी ढिगाकडे बघत उभं राहायचं आणि मी खूण केल्यावर वाकून टोपली भरायला लागायचं.

ते ढिगाकडे बघत नव्हते. त्यांची नजर सारखी खाडीकडे जात होती. मी दोनदा म्हणाले, "काका, तिकडे नाही. मिठाकडे बघा." त्यांनी मिठाकडे बघितलं. शॉट सुरू झाला.

पाणी आवाज करत आलं नाही. मला वाटायचं, बांध फुटतो म्हणजे काहीतरी कोसळतं. प्रत्यक्षात बांधाच्या एका कोपऱ्यात, शेजारच्या ओस पडलेल्या आगराच्या बाजूने, चिखल काळा झाला, मग चकाकला, आणि एक पातळ चादर वाफ्यावरून सरकत आली. तिच्यात आभाळ होतं. ती ढिगाच्या पायाशी आली आणि ढीग खालून करडा व्हायला लागला. वरचा भाग तसाच पांढरा. मग एका बाजूने मीठ खचलं, हळूच, आपण झोपेत कूस बदलतो तसं.

काकांनी मान वळवली आणि माझ्याकडे बघितलं.

ते मला विचारत होते. टोपली त्यांच्यापासून दोन पावलांवर होती. मी त्यांना शिकवलेल्या नियमात ते उभे होते. मी कट म्हणायला हवं होतं. मी मॉनिटरकडे बघत होते, आणि जे दिसत होतं ते मी आयुष्यात घेतलेल्या कुठल्याही शॉटपेक्षा सुंदर होतं. तो शॉट कॉम्प्युटरवर किती लांबीचा आहे ते मला माहीत आहे, म्हणून मी किती वेळ गप्प होते तेही माहीत आहे. त्यांनी माझ्याकडे बघितल्यापासून बेचाळीस सेकंद. मी घाबरून गप्प बसले असं सांगता आलं असतं, माझा स्वभाव बघता कुणी विश्वासही ठेवला असता. पण मी घाबरले नव्हते.

कट म्हटल्यावर ते धावले. म्हणजे त्यांच्या गुडघ्यांना जमेल तसं. आम्हीही गेलो. रेकॉर्डिस्ट हेडफोन गळ्यात तसेच ठेवून, कॅमेरामन पॅन्ट गुडघ्यापर्यंत दुमडून. तिन्ही टोपल्या, पाण्याची रिकामी बादली, माझ्या मैत्रिणीची ओढणी. जे हाताला लागलं ते उचलून रस्त्याकडेच्या उंचवट्यावर टाकत राहिलो. पाऊण तासात पाणी थांबलं. ढिगाच्या जागी गढूळ तळं होतं आणि त्यातून काकांचं लाकडी फावडं वर आलेलं दिसत होतं.

वाचलेलं मीठ चार-पाच टोपल्यांच्या वर नव्हतं, त्यातही चिखल. काकांनी त्याच्यावर ताडपत्री घातली, चारही कोपऱ्यांवर दगड ठेवले. मग माझ्याजवळ आले. मला वाटलं, आता बोलतील.

"तुजा काम झाला ना?" त्यांनी विचारलं. त्यात टोमणा नव्हता. त्यांना खरंच माहीत करून घ्यायचं होतं.

मी हो म्हटलं.

आवसेचं काका मला काय सांगत होते ते त्या दुपारी काकीकडून कळलं. ती घरापुढच्या ओट्यावर बसून, टोपलीभर आणलेल्या मिठातले चिखलाचे गोळे बाजूला काढत होती. मी मदतीला बसले. दर आवसेला आणि पुनवेला उधाणाची भरती येते, भर दुपारी, आणि तिच्या आदल्या दिवशी मीठ वर हलवायचं असतं, हे राईत शेंबड्या पोराला ठाऊक आहे, ती म्हणाली. पुनवेचं उधाण होऊन गेल्यावरच तो ढीग लावला होता. त्या मधल्या दिवसांतच तो तिथे राहू शकत होता. "तुला सांगितला न्हाय व्हय त्यांनी, आवस हाय म्हनून?"

"सांगितलं होतं," मी म्हणाले.

तिने हातातलं काम थांबवलं नाही. काका दोन दिवस एकट्याने बांधाला चिखल लावत होते, म्हणाली. तुझा ढीग हलवायचा नव्हता, म्हणून.

संकलनाला चार महिने लागले. सबटायटल्सची कामं संपवून मी रोज फिल्म घेऊन बसायचे. तो शॉट मी पहिल्या दिवशी बाजूला ठेवला आणि दुसऱ्या दिवशी परत आणला. त्याच्याशिवाय फिल्म नीट होती, आणि नीट असण्यापलीकडे तिच्यात काही नव्हतं. त्याच्यासकट ती उभी राहायची. नव्या दिग्दर्शकांना मार्गदर्शन करणाऱ्या एका कार्यक्रमात माझी निवड झाली होती. तिथल्या बाईंनी अनेक फिल्म केलेल्या, मी त्यांना मानते. त्यांनी तो शॉट दोनदा पाहिला आणि विचारलं, हे रचलंस कसं? मी म्हणाले, भरतीची वेळ साधली. ते ऐकून त्यांनी वहीत काहीतरी लिहून घेतलं. त्यांच्याच ओळखीने एका परदेशी महोत्सवाने फिल्म मागवली. महिन्याभरात त्यांचं पत्र आलं की त्यांना ती दाखवायची आहे. पत्रात शेवटच्या शॉटबद्दल स्वतंत्र परिच्छेद होता. म्हातारा निसर्गाच्या ताकदीपुढे किती अजाण, किती निःशब्द उभा आहे, असं काहीसं.

वडिलांनी ते पत्र दोनदा वाचून घेतलं आणि फोनवर काकांना सांगितलं, त्या त्यांच्या मोठ्या आवाजात. काका म्हणाले, मग आम्हाला दाखवा की.

मी लॅपटॉप घेऊन राईला गेले. काका खुर्चीत बसले, काकी खाली. काकीने पहिली पाच मिनिटं काकांच्या फाटक्या बनियनवरून मला ऐकवलं, घरात तीन नवीन आहेत, तेच का घालू दिलंस. मग तीही बघत बसली. काका शेवटपर्यंत हलले नाहीत, जणू अजून फ्रेममध्येच होते. पाणी आलं. पडद्यावरच्या काकांनी मान वळवून माझ्याकडे बघितलं. पडदा काळा झाला.

काकांनी विचारलं, "ह्यो कोन दाखवलाय?"

मला प्रश्न कळला नाही. मी म्हणाले, तुम्हीच.

"मी न्हाय. माला आवस ठावं व्हती." त्यांनी लॅपटॉपकडे बोट केलं. "ह्याला न्हाय ठावं. ह्यो येडा हाय. आवसेला मीठ पान्यात ठेवून उभा ऱ्हायलाय. गावातलं लोक बघतील तर काय बोलतील? पन्नास वरसं मीठ केला आनि उधान कलला न्हाय?"

मला वाटत होतं ते मिठाबद्दल बोलतील. शेवटचं मीठ माझ्यामुळे गेलं, दर वर्षी आमच्यासारख्या सहा घरांत पोहोचणारं मीठ त्या वर्षी पोहोचलं नाही, आणि पुढे कधीच पोहोचणार नाही. त्याची माफी मागायची वाक्यं मी रिक्षात जुळवली होती. मिठाचा त्यांनी उल्लेखसुद्धा केला नाही. मीठ गेलं ते गेलं. त्यांना जे माहीत होतं ते मी त्यांच्याकडून काढून घेतलं होतं, आणि आता लांबच्या देशात लोक त्यांना अजाण म्हणणार होते.

मी म्हणाले, शॉट काढून टाकते.

"काढू नको," ते म्हणाले. "खरा कर."

ते कसं करायचं ते मला कळेना. निवेदन घालावं, तर ते माझं पुस्तकी मराठी. पाटी टाकावी, तर ती माफीनाम्यासारखी दिसायची. आठवडाभर काही सुचलं नाही. मग रेकॉर्डिस्टची सवय आठवली. त्याच्याकडून तिसऱ्या दिवसाचं सगळं ध्वनिमुद्रण मागवलं, सकाळपासून संध्याकाळपर्यंतचं, आणि हेडफोन लावून ऐकत बसले. काकांचा श्वास, बनियनचं घासणं, फावड्याचा आवाज, दूर कुठेतरी कोंबडा. शेवटाकडे गाडीची दारं उघडल्याचा आवाज आला. मग काका. "बाय, त्या दिशी आवस हाय." मग जरा लांबून मी. "काका, आमच्या कामात असं काही मानत नाहीत."

मी इतकी सावरून बोलत होते की ऐकवेना. आजारी माणसाशी बोलतात तसा आवाज.

"बरा," काका म्हणाले. माझी पावलं लांब गेली. गाडीचं दार लागलं. आणि मग, माइक अजून काढलेला नव्हता, त्यांच्या छातीलाच होता म्हणून ऐकू आलं, ते स्वतःशीच म्हणाले, "पानी काय मानून येतं?"

तेवढं मी तिथे थांबून ऐकलं असतं तर ढीग हलला असता.

शेवटच्या शॉटआधी मी पडदा काळा ठेवला आणि ते सगळं संभाषण जसंच्या तसं घातलं, त्यांच्या शेवटच्या वाक्यापर्यंत. मग शॉट. आता काका मान वळवून बघतात तेव्हा ते कुणाकडे बघतायत ते कळतं. माझ्या दोन्ही लघुपटांत माझा आवाज, माझी सावलीसुद्धा येऊ दिली नव्हती. इथे मी होते, आणि चुकीची होते.

मार्गदर्शक बाईंना हे पटलं नाही. त्या प्रेमाने म्हणाल्या की शॉटचं गूढ गेलं, आणि दिग्दर्शकाने असं मध्ये येऊ नये. महोत्सवाला नवी प्रत पाठवली. त्यांनी विचारलं, आधीची मिळेल का? मी "नाही" असं कळवलं. ते पत्र लिहायला मला तीन दिवस लागले, त्यातले दोन नुसते सौम्य शब्द शोधण्यात गेले. तिसऱ्या दिवशी मी ते सगळे शब्द काढले. त्यांचं उत्तर सभ्य होतं. त्या वर्षी त्यांनी फिल्म दाखवली नाही. तसं दार पुन्हा उघडलेलं नाही, हे इथे लिहिलं पाहिजे. नाहीतर वाचणाऱ्याला वाटेल की खरं केलं की सगळं आपोआप नीट होतं. मी अजून सबटायटल्स लिहिते. बाईंच्या पुढच्या कार्यक्रमाचं बोलावणं मला आलं नाही.

राईला मात्र फिल्म दाखवली. देवळाशेजारच्या हॉलमध्ये, एका रविवारी दुपारी, खिडक्यांना चादरी बांधून. साठेक माणसं असतील. बरेच जण आगरात काम केलेले, आता घरी बसलेले. मी मागे प्रोजेक्टरपाशी वायर धरून उभी होते, कारण प्लग सैल होता. काका पहिल्या रांगेत, नवीन बनियन आणि त्यावर पांढरा शर्ट घालून.

ढीग लागला तेव्हा हॉलमध्ये कुजबुज झाली. कुणीतरी मोठ्याने म्हणालं, आवसेच्या आत उचलायला पायजे. मग पडदा काळा झाला आणि माझा आवाज आला. "आमच्या कामात असं काही मानत नाहीत."

सगळा हॉल हसला. पुढच्या एका म्हातारीने मागे वळून अंधारात मला शोधलं. "काय गो, तुज्या इंग्रजी शालेत भरती येत न्हाय व्हय?" आणखी हशा.  मी वायर घट्ट धरली. मग काकांचं वाक्य आलं, "पानी काय मानून येतं?", आणि हसणं जिथल्या तिथे थांबलं. पाणी आलं. ती बेचाळीस सेकंदं मी त्या सगळ्यांच्या पाठीकडे बघत काढली. "बोल ना गो," एक बाई हळूच म्हणाली, पडद्याला, म्हणजे मलाच. "त्याला जाव दे."

चादरी सोडल्या, उजेड आला. लोक काकांभोवती जमले. मला वाटलं, अभिनयाचं कौतुक चाललंय. जवळ गेले तर काका हातवारे करून बांध कुठून गेला ते दाखवत होते. शेजारच्या आगराची बाजू कशी कच्ची राहिली, चिखल किती लावला, कुठे पुरला नाही. दोघं-तिघं मान हलवत होते, एकाचं म्हणणं होतं की दगड घालायला हवे होते. काका त्याच्याशी वाद घालत होते. इतकं बोलताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

मी वायर गुंडाळत उभी राहिले. माणसं पांगली तेव्हा ते माझ्याकडे आले.

"आता बरोबर हाय," म्हणाले. आणि मग, "पन तुजा आवाज बारीक येतो. मागच्यांना ऐकाला येत नसंल. मोठा कर."

घरी आल्यावर मी फाइल उघडली. त्यांच्या आवाजाला हात लावला नाही. माझं वाक्य निवडलं, आणि त्यांच्याइतकं ऐकू येईपर्यंत वाढवलं.